सकाळी ३० भरलेली हवा दुपारी किती होते?

मे महिन्यातली परभणीची पहाट, तापमान २७ अंश. मोटारसायकलच्या मागच्या चाकात ३० पीएसआय (हे दाबाचं एकक) हवा भरली. दुपारी तापलेल्या डांबरी रस्त्यावर गाडी पळाली आणि टायरातली हवा ६७ अंशांवर गेली. टायर फुगला नाही, हवा गळली नाही असं धरा. आता मीटर किती दाखवेल?

अकरावीच्या वर्गात हे गणित घातलं की तीन उत्तरं येतात. काही पोरं ७४ म्हणतात, बरीचशी ३४ म्हणतात आणि एखादाच ३६ म्हणतो. गंमत अशी की तिघांनी सूत्र एकच वापरलेलं असतं आणि गुणाकार-भागाकारही तिघांचे चोख असतात. बरोबर उत्तर ३६. आणि ७४ खरं असतं तर उन्हाळ्यात मराठवाड्यातल्या पंक्चरवाल्यांना जेवायलाही उसंत मिळाली नसती.

वायूंच्या धड्याचं दुखणं हेच आहे. बॉइल, चार्ल्स, गे-ल्युसॅक, ॲव्होगॅड्रो अशी चार नावं, त्यांची चार सूत्रं आणि चार आलेख तोंडपाठ होतात. नीटची तयारी करणारी पोरं ती झोपेतही म्हणतील. पण समोर टायर, सिलिंडर नाहीतर कुकर आला की यातलं कोणतं लावायचं इथं गाडी अडते. माझं म्हणणं असं की चार नियम वेगवेगळे पाठ करायची गरजच नाही. वायूबद्दल मोजण्यासारख्या गोष्टी चारच: दाब, आकारमान, तापमान आणि रेणूंची संख्या. समोर काहीही येवो, आधी विचारायचं की यातलं काय कोंडलेलं आहे आणि काय मोकळं आहे. आणि त्याच्याही आधी विचारायचं, आत आहे तो सगळा वायूच आहे ना? हा प्रश्न पुस्तकं सहसा विचारत नाहीत, आणि अर्धे घोळ तिथंच होतात.

एक ग्रॅम पाणी म्हणजे एक मिलिलिटर, चमचाभरही नाही. त्याची १०० अंशांची वाफ केली तर ती सुमारे १७०० मिलिलिटर जागा व्यापते. रेणू तेवढेच, वजन तेवढंच. म्हणजे वाफेच्या १७०० भागांतला एक भागही रेणूंच्या अंगाने भरत नाही, बाकी सगळी रिकामी जागा. वायू दाबला की दबतो आणि पाणी दबत नाही, ते यामुळे.

या रिकाम्या जागेत रेणू सुसाट पळत असतात. खोलीच्या तापमानाला नायट्रोजनच्या रेणूचा सरासरी वेग सेकंदाला ५०० मीटरच्या आसपास असतो. मग चुलीवर मिरच्या भाजताना उठणारा ठसका ओसरीवर पोचायला वेळ का लागतो? कारण रेणूला सरळ जाता येतच नाही. मिलिमीटरच्या दहा हजाराव्या भागाइतकंही अंतर कापायच्या आत तो दुसऱ्या रेणूवर आदळतो, दिशा बदलतो, पुन्हा आदळतो. एका सेकंदात हे अब्जावधी वेळा चालतं.

हेच रेणू भांड्याच्या भिंतीवरही आदळतात, आणि तो मार म्हणजेच दाब. पत्र्याच्या घरात बसून गारपीट ऐकली असेल, तर सुरुवातीला एकेक गार वेगळी वाजते आणि मारा वाढला की सगळा मिळून एकच सलग आवाज होतो. भिंतीवरचे धक्के इतके असंख्य असतात की आपल्याला एकेक धक्का न कळता सलग दाब कळतो. हा मार वाढवायचे रस्ते तीनच. रेणू जास्त कोंबा, जागा कमी करा म्हणजे ते भिंतीपर्यंत वरचेवर पोचतील, किंवा तापवा म्हणजे ते जोरात आणि वरचेवर आदळतील. डॅनियल बर्नुलीने १७३८ मध्ये हे चित्र मांडलं होतं. पुढची शंभर वर्षं ते फारसं कुणी मनावर घेतलं नाही.

आता जागा कमी करून बघू. मेडिकलमधून १० मिलिलिटरची प्लॅस्टिकची सिरिंज आणा, सुई नको. दट्ट्या १० वर ओढा, तोंडावर अंगठा गच्च धरा आणि दट्ट्या हळूहळू दाबा. रेणू कोंडले गेले, तापमान जवळपास तेच. ५ पर्यंत दट्ट्या फारशी कुरकुर न करता जातो. पुढे मात्र प्रत्येक रेघ जड जाते आणि २ पर्यंत नेईस्तोवर अंगठा पांढराफटक पडतो. ५ वर आतला दाब दुप्पट झालेला असतो, २ वर पाचपट. बाहेरची हवा तुमच्या बाजूने एक वातावरण (समुद्रसपाटीला हवेचा जेवढा दाब असतो तेवढा) इतका जोर लावतेच, उरलेला तुम्ही लावायचा. म्हणजे ५ वर एक वातावरण आणि २ वर चार. दट्ट्याचा व्यास दीड सेंटिमीटर धरला तर हा जोर साधारण पावणेदोन किलो आणि सात किलो वजनाइतका भरतो. हात सोडला की दट्ट्या उसळून मागे येतो. रबर घासत असल्यामुळे तो बरोबर १० वर न येता थोडा अलीकडे थांबतो, ते चालायचंच.

रॉबर्ट बॉइलने हेच वाकवलेल्या काचेच्या नळीत केलं. नळीचं एक तोंड बंद, दुसऱ्यातून पारा ओतत जायचा आणि कोंडलेली हवा किती आकसते ते मोजायचं. मदतीला रॉबर्ट हूक होता. १६६२ मध्ये आकडे छापले, आणि त्यातून निघालं की तापमान आणि रेणू बदलू दिले नाहीत तर दाब आणि आकारमान यांचा गुणाकार कायम राहतो. तापमान बदलू न देण्याची ही अट साधी दिसते, पण साधी नाही. सायकलचा पंप भराभरा मारला की नळी खालच्या बाजूला गरम होते, कारण दाबली जाणारी हवा तापते. बॉइलचा नियम तिथं जसाच्या तसा लागत नाही. सावकाश दाबलं, उष्णतेला निघून जायला वेळ दिला, तरच लागतो.

या नियमाचा सगळ्यात मोठा उपयोग आपल्याकडे लोकांनी २०२१ च्या एप्रिल-मेमध्ये, दुसऱ्या लाटेत, नाइलाजाने शिकून घेतला. दवाखान्यातल्या मोठ्या ऑक्सिजन सिलिंडरची, ज्याला डी टाइप म्हणतात, आतली जागा सुमारे ४६.७ लिटर. भरताना दाब सुमारे १५० वातावरण. दोन्हींचा गुणाकार केला की ७००० लिटर येतात, आणि म्हणूनच त्याला सात घनमीटरचा सिलिंडर म्हणतात. काटा १५० वरून ७५ वर आला म्हणजे ३५०० लिटर उरला. पेशंटला मिनिटाला ५ लिटर लावला असेल तर ७०० मिनिटं, म्हणजे पावणेबारा तासांच्या जरा आत. जागा कोंडलेली, तापमान तेच, तेव्हा काट्यावरचा दाब थेट आतल्या रेणूंची संख्या सांगतो. ज्या नातेवाइकांनी कधी रसायनशास्त्राचं पुस्तक उघडलं नव्हतं, तेही रात्री काटा बघून हिशेब करत होते. हाच हिशेब घरच्या गॅसच्या टाकीला लावायला गेलं तर साफ फसतो. ते शेवटी बघू.

आता तापमानाकडे. जॅक चार्ल्स हा फुगेवाला. २७ ऑगस्ट १७८३ रोजी त्याने पॅरिसमधून हायड्रोजनचा फुगा सोडला. लोखंडावर आम्ल ओतून तो हायड्रोजन बनवला होता. फुगा वीसेक किलोमीटरवर गोनेस नावाच्या गावात उतरला, आणि ही काय बला आली म्हणून गावकऱ्यांनी दाताळी-सुऱ्या घेऊन त्याच्या चिंध्या केल्या. चार्ल्सने १७८७ च्या सुमाराला तापवल्यावर वायू किती फुगतात ते तपासलं, पण छापलं नाही. १८०२ मध्ये गे-ल्युसॅकने स्वतः नीट मोजून छापलं आणि श्रेय चार्ल्सलाही दिलं.

त्यातून जे निघालं ते असं. दाब तोच ठेवला तर कोणताही वायू दर अंशाला, शून्य अंशावर त्याचं जेवढं आकारमान होतं त्याच्या सुमारे २७३ व्या भागाने फुगतो आणि थंड केला तर तेवढ्याच भागाने आकसतो. आता उलटं मोजत जा. उणे १००, उणे २००, आणि उणे २७३ अंशांवर आकारमान शून्य! प्रत्यक्षात कोणताही वायू तिथवर वायू म्हणून राहत नाही, आधीच द्रव होतो. पण तापमान मोजायला खरी सुरुवात कुठून करायची ते या रेघेने दाखवलं. १८४८ मध्ये विल्यम थॉमसनने, म्हणजे पुढच्या लॉर्ड केल्व्हिनने, तिथूनच मोजायची पट्टी सुचवली. आजचा नेमका आकडा उणे २७३.१५.

सेल्सिअसचं शून्य हे पाण्याच्या बर्फाचं शून्य आहे, रेणूंच्या धावपळीचं नाही. २७ अंश सेल्सिअस म्हणजे ३०० केल्व्हिन आणि ६७ म्हणजे ३४०. रेणूंच्या हिशेबाने २७ वरून ६७ वर जाणं म्हणजे अडीचपट नव्हे, जेमतेम तेरा टक्के वाढ. ७४ उत्तर काढणाऱ्याने ६७ ला २७ ने भागलं होतं, तिथंच त्याचा टायर फुटला.

मग ३४ चं काय चुकलं? त्याने केल्व्हिन घेतलं, ३० ला ३४० ने गुणून ३०० ने भागलं. पण ३० हा टायरातला खरा दाब नाहीच. पंक्चरच्या दुकानातला मीटर बाहेरच्या हवेपेक्षा आत किती जास्त आहे तेवढंच दाखवतो. चाक पार बसलं, मीटर शून्यावर आला, तरी आत बाहेरच्याइतकी हवा असतेच. परभणी समुद्रसपाटीपासून सुमारे ४०० मीटर उंच, तिथं बाहेरच्या हवेचा दाब सुमारे १४ पीएसआय. म्हणजे टायरात खरा दाब ४४. त्याला ३४० ने गुणा, ३०० ने भागा, जवळपास ५० येतात. त्यातून बाहेरचे १४ वजा केले की मीटरवर ३६. रेणूंना मीटर कुठून मोजतो हे माहीत नसतं, ते भिंतीवर सगळा मार मारतात.

यातून कामाची एक गोष्ट निघते. समृद्धी महामार्गावरून जालन्याकडे भरधाव आलेला एखादा गाडीवाला दुपारी हवा तपासतो, ३६ बघून दचकतो आणि सोडून ३० करतो. रात्री टायर निवला की आत काय राहतं? ४४ ला ३०० ने गुणा, ३४० ने भागा, १४ वजा करा: २५ सुद्धा नाही. दुसऱ्या दिवशी तो कमी हवेवर पळतो, टायरच्या बाजू जास्त वाकतात, त्यामुळे टायर जास्त तापतो, आणि फुटण्याची खरी भीती तिथं असते. टपरीवरचा पंक्चरवाला "साहेब, सकाळच्याला या, गार असताना बघू" म्हणतो तेव्हा तो गे-ल्युसॅकच बोलत असतो, कारण कोंडलेल्या जागेत केल्व्हिन तापमानाच्या पटीत दाब वाढतो हा नियम त्याच्याच नावाने ओळखला जातो. आणि नायट्रोजन भरला की उन्हात दाब वाढत नाही, हे जे सांगतात त्यात फारसं तथ्य नाही. साध्या हवेत ७८ टक्के नायट्रोजनच असतो, आणि हा हिशेब नायट्रोजनला वेगळा, हवेला वेगळा असा नाहीच. नायट्रोजन कोरडा असतो, जरा सावकाश झिरपतो, एवढाच काय तो फायदा.

टायरात जागा कोंडलेली, रेणू कोंडलेले, तापमान मोकळं. म्हणून दाब वाढला. आता कुकर घ्या. दाब-तापमान नियमाचं उदाहरण म्हणून कुकर हमखास दिला जातो, आणि मला ते उदाहरण मुळीच पटत नाही. कुकरात हवा ३०० केल्व्हिनवरून १२० अंशांवर, म्हणजे ३९३ केल्व्हिनवर नेली तर नुसत्या तापण्याने दाब १.३ पट होईल. खऱ्या कुकरात शिट्टीच्या वेळी दाब वातावरणाच्या साधारण दुप्पट असतो. उरलेला कुठून आला? तुरीच्या डाळीसोबत घातलेल्या पाण्यातून. पाण्याची वाफ होत राहते, म्हणजे वायूच्या रेणूंची संख्या वाढत राहते. रेणू कोंडलेले नाहीतच. आत सगळा वायू आहे का हा प्रश्न विचारला असता तर हे उदाहरण पुस्तकात आलंच नसतं. कुकरात वायुनियम हरले असं नाही, फक्त तिथलं मुख्य काम बाष्पीभवनाचं आहे.

ज्वारीची भाकरी टम्म फुगते तिथंही हेच. नुसती आतली हवा २७ वरून १०० अंशांवर तापली तर ती सव्वापट होईल, त्याहून जास्त नाही. सव्वापटीने पापुद्रा सुटून फुगा होत नाही. पिठात कालवलेल्या पाण्यातलं अर्धा ग्रॅम जरी पापुद्र्याखाली वाफ झालं तरी साडेआठशे मिलिलिटर वाफ तयार होते. बरीचशी निसटते, उरलेली भाकरी उचलते. म्हणून कोरड्या पडलेल्या पिठाची भाकरी फुगत नाही आणि कडेला चीर गेली की बसते. चार्ल्सचं नाव इथं घ्यायचंच असेल तर अगदी हळू आवाजात घ्यावं.

चौथी गोष्ट म्हणजे रेणूंची संख्या. ॲव्होगॅड्रोने १८११ मध्ये सांगितलं की तापमान आणि दाब सारखे असतील तर सारख्या आकारमानात कोणत्याही वायूचे रेणू सारखेच असतात. हायड्रोजनचा रेणू हलका, कार्बन डायऑक्साइडचा जड, तरी संख्या तीच. लोकांना हे पटायला पन्नास वर्षं लागली. १८६० मध्ये जर्मनीतल्या कार्ल्सरूहे गावी रसायनतज्ज्ञांची परिषद भरली, तिथं कानिझारोने हा मुद्दा लावून धरला तेव्हा कुठे गाडं पुढं सरकलं. रिकामी जागा आठवली तर यात नवल वाटायला नको. जागेतला हजारावा भागही रेणू व्यापत नसतील, तर रेणू केवढा आहे याने काय फरक पडणार?

यावरून एक गोष्ट फुकटात मिळते. रेणू सारखेच, म्हणजे कोणता वायू जड ते रेणूच्या वजनावरून कळतं. हवेचा सरासरी आकडा २९. कार्बन डायऑक्साइड ४४. घरच्या गॅसमधले प्रोपेन ४४ आणि ब्युटेन ५८. गोबरगॅसमधला मिथेन १६. पाण्याची वाफ १८, म्हणून दमट हवा कोरड्या हवेपेक्षा हलकी असते, लोकांना वाटतं त्याच्या उलट.

आपल्याकडे ज्वारीची पेवं होती. जमिनीत खोल खड्डा, आत पाल्याचं अस्तर, वरून मातीने बंद. पेव उघडलं की जाणती माणसं लगेच आत उतरू देत नसत, तोंड उघडं ठेवून वाट बघत आणि दोरीला कंदील बांधून खाली सोडत. साठवलेलं धान्यही श्वास घेतं, ऑक्सिजन संपवतं आणि कार्बन डायऑक्साइड सोडतं. तो ४४ चा, म्हणून तळाशीच साचून राहतो आणि वारं नसल्यामुळे हलत नाही. जुन्या आडात, बंद पडलेल्या विहिरीत, सांडपाण्याच्या टाकीतही असंच होतं, वर तिथं विषारी वायूही असू शकतात, ते कंदिलाला कळत नाहीत. आत पडलेल्याला काढायला दुसरा उतरतो आणि तोही राहतो, अशा बातम्या अजून येतात. आधी हवा खेळवल्याशिवाय कुणीच उतरू नये, वाचवणाऱ्यानेसुद्धा. घरचा गॅस गळला तर तोही असाच जमिनीलगत पसरतो. वरची खिडकी उघडून भागत नाही, दार उघडावं लागतं, आणि दिव्याच्या बटणाला हातही लावायचा नसतो.

चारही गोष्टी एकत्र बांधल्या की पी व्ही बरोबर एन आर टी. दाब गुणिले आकारमान बरोबर मोलची संख्या (मोल म्हणजे रेणू मोजायचा ठरलेला गठ्ठा, डझनासारखा) गुणिले एक स्थिरांक गुणिले केल्व्हिन तापमान. १८३४ मध्ये क्लापेरॉनने तुकडे जोडून असं एकच समीकरण केलं. जे कोंडलेलं आहे ते दोन्ही बाजूंनी खोडा, उरेल तो बॉइल, चार्ल्स किंवा गे-ल्युसॅक. पाठ करायचं तर एवढंच करा. आर चा आकडा एककाप्रमाणे बदलतो: लिटर आणि वातावरण घेतलं तर ०.०८२१, ज्यूलमध्ये ८.३१४. परीक्षेत निम्मे गुण इथंच जातात. आणि एक मोल म्हणजे २२.४ लिटर हे शून्य अंश आणि एक वातावरण दाबाला खरं आहे. आपल्याकडे शून्य अंश कुठलं आलंय! मे महिन्यात ४२ अंशांच्या दुपारी परभणीत एक मोल हवा सुमारे २७ लिटर जागा घेते.

रेणू सोडून बाकी तिन्ही मोकळं असलं की हे समीकरण खरं कामाला येतं. टाटा मूलभूत संशोधन संस्था हैदराबादहून हायड्रोजनचे प्रचंड मोठे फुगे सोडते. ते वाऱ्याबरोबर वाहत मराठवाड्याच्या बाजूलाही येतात, म्हणून जिल्हा प्रशासनांना आधी कळवलं जातं आणि उतरलेल्या उपकरणांना हात लावू नका असं आवाहन असतं, गोनेसची पुनरावृत्ती नको म्हणून असेल. हे फुगे जमिनीवरून सुटताना बघा: वरच्या टोकाला थोडासा फुगवटा आणि खाली लांबलचक लोंबणारं मोकळं प्लॅस्टिक. वाटतं, भरायला कंजूषपणा केलाय. हिशेब करा. सुटताना दाब सुमारे ९५० मिलिबार (एक वातावरण म्हणजे सुमारे १०१३ मिलिबार), तापमान ३०० केल्व्हिन. ३० किलोमीटरवर दाब सुमारे १२ मिलिबार, तापमान सुमारे २२७ केल्व्हिन. दाब जवळपास ७९ पट घटला, म्हणून वायू ७९ पट फुगायला बघतो. थंडीमुळे तो पुन्हा पाऊणपट होतो. दोन्ही मिळून सुमारे ६० पट. खाली पूर्ण भरला असता तर अर्ध्या वाटेच्या किती आधी फाटला असता!

आता गॅसच्या टाकीकडे. सगळा हिशेब दोन गोष्टी गृहीत धरतो: रेणूंना स्वतःची जागा जवळपास नाही आणि ते एकमेकांना ओढत नाहीत. असा वायू कुठेच नसतो, म्हणून त्याला आदर्श वायू म्हणतात. साध्या दाबाला हवा, ऑक्सिजन, हायड्रोजन इतके जवळून आदर्श वागतात की फरक जाणवत नाही. पण रेणू जवळ आणले आणि फार तापू दिले नाहीत, की त्यांची एकमेकांची ओढ जिंकते आणि वायूचा द्रव होतो. डच शास्त्रज्ञ व्हान डर वाल्सने १८७३ च्या प्रबंधात या दोन्ही गोष्टींची दुरुस्ती समीकरणात घातली आणि १९१० मध्ये त्याला नोबेल मिळालं.

प्रत्येक वायूला एक तापमान असं असतं की त्याच्या वर कितीही दाबा, द्रव होत नाही. ऑक्सिजनचं ते उणे ११८ अंशांच्या आसपास आहे. म्हणून परभणीच्या उन्हात ऑक्सिजनचा सिलिंडर १५० वातावरणांवरही वायूनेच भरलेला असतो आणि काट्याचा हिशेब जुळतो. प्रोपेनचं ९६ च्या वर आणि ब्युटेनचं १५२ च्या आसपास, म्हणून घरच्या टाकीत थोड्याच दाबाला द्रव होतो. १४.२ किलोच्या टाकीची आतली जागा ३३ लिटरच्या आसपास. त्यात मावलेल्या द्रवाचा वायू केला तर सहा हजार लिटरच्या वर जाईल, म्हणजे जवळपास ऑक्सिजनच्या मोठ्या सिलिंडराएवढा, पण दाब त्याच्या कितीतरी पट कमी.

आणि म्हणूनच इथं काटा काही सांगत नाही. शेगडी पेटवली की वरचा वायू बाहेर जातो, खालचा द्रव तेवढाच उकळून त्याची जागा भरतो. द्रवाचा शेवटचा थेंब असेपर्यंत दाब मुख्यतः तापमानावर ठरतो, किती उरलं त्यावर नाही. टाकी निम्मी असो की पाव, ज्योत तशीच. मग एका सकाळी चहा ठेवताना अचानक ज्योत बारीक होते आणि घरातलं कुणीतरी टाकी हलवून बघतं.

किती उरलं हे कळायचा भरवशाचा उपाय वजनाचा. टाकीच्या वरच्या पट्टीवर रिकामं वजन कोरलेलं असतं, तोलून ते वजा करायचं. तोलकाटा नसेल तर ओल्या फडक्याने टाकी उभी पुसून बघा. द्रव असतो तेवढा भाग सावकाश वाळतो, वरचा लवकर वाळतो. ओलाव्याची रेघ जिथं थांबते, साधारण तिथपर्यंत गॅस आहे.